दोन ‘पहिल्या’ मंडळांसाठी एक घर

मी, मंदाकिनी शिवाजी उंबरकर, वय अठ्ठ्याहत्तर, जन्मगाव दारव्हा, जिल्हा यवतमाळ, सध्या राहणार हॅमिल्टन, प्रांत ओंटारियो, देश कॅनडा, हे मृत्युपत्र माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून स्वखुशीने टाइप करत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. गुडघे ठिकाणावर नाहीत, पण त्यांची चौकशी कायदा करत नाही. माझ्यावर कोणी दडपण आणलेले नाही. ते आजवर कोणाला फारसे जमलेलेही नाही. बोटे वाकडी झाल्यामुळे हाताने लिहिणे होत नाही, आणि टाइप केलेल्या मृत्युपत्राला इथे दोन साक्षीदार लागतात असे माझी वकील ऊर्मी हिने बजावले आहे. ती इंग्रजी भाषांतर जोडणार आहे. मूळ मात्र मराठीतच राहील, कारण यात काही जणांना चार शब्द सुनवायचे आहेत आणि ते मला इंग्रजीत नीट साधत नाही.

मुख्य गोष्ट आधीच सांगून टाकते. माझ्या मालमत्तेची वाटणी सोपी आहे. अवघड आहे ते फक्त हे घर. माझा नवरा शिवाजी याची इच्छा होती की मायदेशातून नव्याने आलेल्या मुलामुलींना आमच्यामागेही या घराचे दार उघडे असावे. तो चार वर्षांपूर्वी गेला आणि इच्छा माझ्या गळ्यात बांधून गेला. हे दार उघडे राहते की घर विकले जाते, ते माझी नणंद प्रमिला हिच्यावर अवलंबून आहे. प्रमिलाताई ओकव्हिलला राहतात. २००३ सालापासून आमचे बोलणे नाही.

कलम १. यापूर्वी मी केलेली सर्व मृत्युपत्रे रद्द समजावीत. व्यवस्थापक म्हणून ऊर्मीला नेमते. तिला माझ्या सूचना लांबलचक वाटतात. तिने त्या तरीही पाळाव्यात.

कलम २. अंत्यसंस्कार साधे असावेत. भाषणे थोडक्यात आटोपावीत आणि ती करणाऱ्याने मला निदान एकदा तरी भेटलेले असावे. माझी राख बर्लिंग्टनला ओंटारियो तळ्याच्या किनाऱ्यावर, जिथे शिवाजीची सोडली तिथेच सोडावी. ती जागा त्याने स्वतः सांगून ठेवली होती. एका बाजूला हॅमिल्टन, दुसऱ्या बाजूला ओकव्हिल. बायको आणि बहीण यांच्या मध्ये उभे राहण्याची त्याला इतकी सवय झाली होती की मेल्यावरही त्याला दुसरी जागा सुचली नाही.

कलम ३. माझी पुस्तके आणि शिलालेखांचे सर्व ठसे मी ज्या विद्यापीठात शिकवले त्याच्या ग्रंथालयाला द्यावेत. ठसे म्हणजे काय हे पुढच्या वाचकासाठी सांगते. ओला जाड कागद कोरलेल्या दगडावर पसरायचा, ब्रशने सावकाश ठोकायचा, वाळला की सोलून घ्यायचा. अक्षरे कागदावर उमटतात. रोमन साम्राज्याच्या पूर्वेकडच्या प्रांतांत, म्हणजे आजच्या तुर्कस्तानात, मी माझे सगळे उन्हाळे असे दगड ठोकण्यात घालवले. शिवाजी पोलाद कारखान्याच्या प्रयोगशाळेत होता. तो म्हणायचा, आमच्या घरात दोघेही ठोकाठोकीच करतो, फक्त पगार कारखाना बरा देतो.

लोक मला विचारत, विदर्भातल्या मुलीने रोमचे काय वेड घेतले. रोमचे मी कधीच घेतले नव्हते. माझे वडील तहसील कचेरीत कारकून होते. कलेक्टरसाहेब यायचे म्हटले की गावात कमानी उभारल्या जात, झाडांच्या खोडांना चुना लागे, आणि दारव्ह्याचा मान मोठा की दिग्रसचा यावरून दोन्हीकडचे वजनदार लोक महिनाभर भांडत. साहेब येत, अर्धा कप चहा घेत आणि निघून जात. उरलेले लाडू आम्ही खात असू. पुढे सम्राटांच्या नावाने भरणाऱ्या पूर्वेकडच्या जत्रांबद्दल वाचले तेव्हा मला सगळे ओळखीचे वाटले. वर सम्राटाचे नाव, खाली गावाचा स्वयंपाक. माझे पुस्तक एवढ्याच गोष्टीवर आहे. साम्राज्य प्रांतांवर राज्य करत होते हे खरे, पण प्रांतातली माणसेही साम्राज्याला आपापल्या कामाला जुंपत होती. एका विद्वान गृहस्थांनी परीक्षणात लिहिले की लेखिका या जगाकडे बाहेरून पाहते. मी प्रांतातली, पोरगी कारकुनाची. बाहेरून कोण पाहत होते ते त्यांनी स्वर्गात बसून ठरवावे. त्यांना काही देणे नाही.

दिवाणखान्यातली चौकट स्वानंदला द्यावी. स्वानंद आमच्या हॅमिल्टन मराठी मंडळाचा सचिव. चौकटीत नगरपालिकेचे एक पत्र आहे. आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावर दिवा लावा असा अर्ज शिवाजीने केला होता, त्याला उत्तर आले की आपली विनंती योग्य त्या विभागाकडे पाठवली आहे. मी शिवाजीला सांगितले की रोमन काळात फ्रिजिया भागातल्या एका खेड्याने सैनिकांच्या जाचाविरुद्ध थेट सम्राटाकडे अर्ज केला होता. सम्राटाने कळवले की प्रांताधिकारी त्यात लक्ष घालतील, आणि खेडुतांनी ते उत्तर दगडात कोरून चारचौघांत उभे केले. शिवाजी त्याच संध्याकाळी चौकट घेऊन आला. दिवा पुढे लागला. शिवाजी खेडुतांसारखाच म्हणत राहिला, आपल्या पत्रामुळेच.

कलम ४. माझ्या टेबलाच्या वरच्या खणात काशाचे एक नाणे आहे. ते प्रमिलाताईंना द्यावे.

हे नाणे जुने नाही. पूर्वेकडच्या शहरांची आपसांत भांडणे फार. ती मिटली की कधी कधी समेटाची नाणी पाडत. त्यांवर दोन शहरांच्या दोन देवी एकमेकींचा हात हातात घेऊन उभ्या असत. माझ्या पुस्तकातल्या चित्रावरून शिवाजीने गॅरेजमध्ये तशी दोन नाणी ओतली. एक मला दिले, एक बहिणीला. तेव्हा २००३ चा हिवाळा होता आणि समेट काही झालेला नव्हता. प्रमिलाताईंनी फोनवर त्याला सांगितले की ते तळ्यात फेकून दिले. शिवाजी गॅरेजमध्ये जाऊन झाडू मारत राहिला. मला ते फार लागले. त्यांचे नाणे ओंटारियो तळ्याच्या तळाशी असल्यामुळे माझे त्यांनी घ्यावे. घ्यावेच.

कलम ५. आता घर.

हे घर आम्ही १९७८ मध्ये घेतले. पुढच्याच वर्षी प्रमिलाताई आणि त्यांचे यजमान भास्करराव शिवाजीच्या कागदपत्रांवर इथे आले आणि खालच्या बेसमेंटमध्ये राहिले. त्यांच्या मुलाला, ओजसला, दवाखान्यातून आणले ते याच घरी. पुढे भास्कररावांना चांगली नोकरी लागली, ते ओकव्हिलला गेले आणि बेसमेंट रिकामे झाले. ते शिवाजीला बघवेना. तेव्हापासून तिथे कोणी ना कोणी आहेच. कोणाला खोली मिळेपर्यंत, कोणाला नोकरी लागेपर्यंत, कोणाचे लग्न ठरेपर्यंत. विमानतळावरून थेट आमच्याकडे आलेल्या पोरांना पहिल्या हिवाळ्यात बर्फ उपसायचे शोव्हल कसे धरायचे आणि भाजी कुठे स्वस्त मिळते, ते शिवाजी स्वतः नेऊन दाखवायचा.

मराठी मंडळही याच बेसमेंटमध्ये सुरू झाले. जेवायला जमलो, जेवून झाल्यावर मंडळ स्थापन झाले. नोंदणी करायची राहून गेली. ओकव्हिलच्या मंडळींनी पुढे आपले मंडळ काढले आणि ते लगेच नोंदवले. म्हणून स्थापना आधी आमची, नोंदणी आधी त्यांची, आणि ‘तळ्याच्या या काठावरचे पहिले मराठी मंडळ’ हे शब्द दोन्ही मंडळांच्या पत्रकांवर. काही वर्षे त्यात गंमत होती. मग २००३ च्या गणेशोत्सवाला भारतातून एक बडे पाहुणे येणार असे ठरले. पहिल्या मंडळाने त्यांचे स्वागत करायचे, आणि पहिली तर दोन. शेवटी एकाच संध्याकाळी दोन्हीकडे आरास झाली. पाहुणे दोन्हीकडे थोडा थोडा वेळ आले आणि जेवले कुठेच नाहीत. ते नक्की कोण होते हे आज दोन्ही गावांत कोणाला आठवत नाही.

त्याच उत्सवात माझे व्याख्यान होते. विषय निकिया आणि निकोमिडिया. बिथिनिया प्रांतातली ही दोन शहरे ‘प्रथम’ या पदवीसाठी पिढ्यान्‌पिढ्या भांडली आणि रोमचे अधिकारी त्यांना हसत राहिले. पुढे रोममध्ये गादीसाठी यादवी झाली. निकियाने हरणाऱ्याची बाजू धरली. जिंकणाऱ्याने तिची पदवी काढून घेतली आणि नगरवेशीवर कोरलेली बिरुदे छिन्नीने खरवडण्यात आली. ती खरवडलेली ओळ मी हात लावून पाहिली आहे. निकियाचे वर्णन करताना मी सरळ आखलेले रस्ते, प्रशस्त सभागृहे आणि स्वतःबद्दलचे फार चांगले मत असे म्हणाले. ओकव्हिलची मंडळी हे आपलेच वर्णन समजून एकमेकांकडे पाहू लागली. प्रमिलाताई उठल्या, पर्स उचलली आणि निघून गेल्या. व्याख्यान उत्तम झाले होते असे माझे तेव्हाही मत होते आणि आजही आहे.

त्यानंतर सगळे ओजसमार्फत. शिवाजी गेला तेव्हा त्या आल्या, मागे उभ्या राहिल्या, ओट्यावर पिठल्याचा डबा ठेवून गेल्या. पिठले मी खाल्ले. डबा ओजसबरोबर परत पाठवला.

तर माझी इच्छा अशी. हे घर आतल्या सामानासकट हॅमिल्टन आणि ओकव्हिल या दोन्ही मंडळांना मिळून द्यावे. नव्याने आलेल्या विद्यार्थ्यांची सोय पाहण्यासाठी दोन्हींनी ते एकत्र चालवावे. ऊर्मी त्यासाठी विश्वस्त निधीची रीतसर रचना करील. अट एकच: माझ्या मृत्यूनंतर वर्षाच्या आत दोन्ही कार्यकारिणींनी संमतीच्या एकाच कागदावर सह्या कराव्यात. एकाच मंडळाला घर मिळणार नाही, कारण मग दुसऱ्याचे लोक आपल्या गावच्या मुलांना इथे पाठवणार नाहीत, आणि नवे आलेले पोर कोणत्या मंडळाचे हे विचारत बसायला शिवाजीने दार उघडे ठेवले नव्हते. आमचे मंडळ सही करील, स्वानंदने शब्द दिला आहे. ओकव्हिलचे मंडळ प्रमिलाताईंच्या शब्दाबाहेर नाही. त्यांनी अध्यक्षपद सोडले आहे, पण खुर्ची सोडली म्हणून दरारा जातो असे नाही.

एकत्र येणे जमले नाही तर घर ओजसला द्यावे. ओजस प्रमिलाताईंचा मुलगा, राहणार व्हिटबी. तो घर विकील आणि त्यात त्याचा काही दोष नसेल. मी त्याला फोनवर हे सांगितले तेव्हा तो म्हणाला, “मामी, आय ॲम फाइन आयदर वे. पण आईला हे कळलं ना, शी विल लूज इट.” कळवू नकोस असे मी म्हणाले नाही.

कलम ६. रोमच्या त्या पूर्वेकडच्या प्रांतांत थडग्यांवर एक मजकूर नेहमी आढळतो. हे थडगे अमक्याचे, यात दुसऱ्या कोणाला पुरले तर पुरणाऱ्याने सम्राटाच्या खजिन्यात इतका इतका दंड भरावा. मृताला सम्राटाशी काही देणेघेणे नसे. पण खजिन्याचे नाव घातले की शेजारी जरा बिचकतात, एवढी व्यवहारबुद्धी त्या लोकांना होती. त्यांच्याकडूनच शिकून हे कलम घालते.

या घराच्या पाटीवर, पत्रकांवर किंवा समारंभात कोणीही या घरासंबंधात पहिला, पहिली, पहिले यांपैकी कोणताही शब्द मिरवला, तर त्याने दुसऱ्या गावच्या मंडळींना या घरात बोलावून पोटभर जेवू घालावे. स्वयंपाक स्वतः करावा आणि वाढावेही स्वतः. बाहेरून मागवलेले जेवण दंड म्हणून धरले जाणार नाही. ऊर्मी म्हणते हे कलम कोर्टात टिकायचे नाही. थडग्यांवरची तरी किती टिकली कोणास ठाऊक, पण लोक कोरत राहिले.

कलम ७. बँकेतली शिल्लक, इतर खर्च भागल्यावर, वरच्याच निधीत घालावी. घराचे छत म्हातारे होत चालले आहे. शिवाजीची गॅरेजमधली भट्टी, सांडशी आणि साचे शेजारी डॉमिनिक याला द्यावेत. तो कारखान्यात शिवाजीबरोबर होता आणि गेली काही वर्षे ही हत्यारे परत करायची विसरतो आहे. आता त्याने निश्चिंतपणे विसरावे. स्नोब्लोअर घराबरोबर राहील. हिरवी पैठणी ऊर्मीला. पोळपाट कोणालाही देऊ नये, तो जागचा हलवला की पोळ्या बिघडतात.

कलम ८. कादंबरी हिच्याबद्दल. कादंबरी अकोल्याची, कॉलेजसाठी आली आणि बेसमेंटमध्ये उतरली. आता ती दवाखान्याच्या लॅबमध्ये नोकरी करते आणि पीआरची, म्हणजे इथे कायम राहण्याच्या परवान्याची, वाट पाहते. शिवाजीच्या शेवटच्या दिवसांत रात्रपाळी करून आली तरी ती आधी वर येऊन त्याच्याशी दोन शब्द बोलायची आणि मग झोपायला जायची. घर कोणाकडेही गेले तरी तिची सोय होईपर्यंत तिला कोणी हलवू नये. कुकर, कढया, मिक्सर तिचे.

ठशांपैकी एक ठसा ग्रंथालयाला न देता तिला द्यावा. तो तिकडच्याच लिडिया भागातल्या एका थडग्यावरचा आहे. त्यात नवरा-बायको सांगतात की ही जागा आमची, आणि आम्ही घरात वाढवलेल्यांची. पोटची असोत वा नसोत, आपल्या ताटातले खाऊन मोठी झालेली ही माणसे. त्यांच्यासाठी त्या लोकांकडे वेगळा शब्द होता आणि तो ते अभिमानाने दगडात कोरत. आम्हाला मूल झाले नाही. याचे मला वाईट वाटत असे, बरीच वर्षे वाटले, मग बेसमेंटमध्ये इतकी गडबड झाली की वाईट वाटायला सवड राहिली नाही. ठशाचा अर्थ सांगितला तेव्हा कादंबरी म्हणाली, “आजी, हे मी फ्रेम करीन, पण तुम्ही असेपर्यंत नाही.” मला त्या पोरीचा फार लळा आहे, हे इथे साक्षीदारांसमोर नोंदवून ठेवते.

कलम ९. हे कलम आज घालते आहे. ऊर्मी समोर बसली आहे आणि घड्याळाकडे पाहते आहे.

आज सह्या करायचे ठरले होते. साक्षीदार म्हणून डॉमिनिक आणि स्वानंद. डॉमिनिक वेळेवर आला. रात्री मोसमातला पहिला बर्फ पडला आणि स्वानंदने अजून विंटर टायर लावले नव्हते. चढावर त्याची गाडी मागे मागे येऊ लागली म्हणून तो घरी परत गेला आणि तिथून फोन करून हळहळला. पंचवीस हिवाळे काढलेला माणूस. आता दुसरा साक्षीदार कुठून आणावा म्हणून आम्ही बसलो असतानाच बेल वाजली. दारात प्रमिलाताई. ओकव्हिलहून गो ट्रेनने आणि पुढे टॅक्सीने आल्या होत्या, बुटांना बर्फ, चेहरा लाल.

बूट काढायच्या आधीच त्या म्हणाल्या, “वहिनी, ओजसला गळाला लावून तुम्ही मला धरताय.”

“हो,” मी म्हणाले. “दुसरा उपाय दिसला नाही.”

त्यांना बहुधा मी नाकारीन असे वाटले होते. कादंबरीने त्यांचा कोट घेतला आणि चहा टाकला. मी छापलेला मसुदा त्यांच्यापुढे सरकवला. त्यांनी चष्मा पुसला आणि पहिल्या ओळीपासून वाचायला घेतले. डॉमिनिकला मराठी येत नाही, पण खोलीत काय चालले आहे ते त्याला कळत असावे, कारण तो कॉफीच्या कपात बघत राहिला.

निकियाच्या मजकुरावर त्यांचे बोट थांबले. “हे तुम्ही त्या दिवशीही अर्धंच सांगितलंत,” त्या म्हणाल्या. “पदवी गेली, मान्य. पण पुढे सम्राटाने सगळ्या बिशपांची मोठी परिषद बोलावली ती कुठे? निकियालाच ना? निकोमिडियाला नाही.”

त्यांचे म्हणणे इतिहासाला धरून आहे. हे त्यांना कुठे मिळाले असे मी विचारले.

“तुमच्याच पुस्तकात. लायब्ररीतून आणलं होतं. दोनदा रिन्यू केलं.”

माझ्या पुस्तकाचा तो भाग माझ्या सहकाऱ्यांनीही वाचल्याचे मला आठवत नाही. त्या पाने उलटत कलम चारवर पुन्हा आल्या, ते परत वाचले आणि पर्स उघडली. कप्प्यांत, रुमालाखाली, पाकिटात बरेच शोधल्यावर त्यांनी एक नाणे टेबलावर ठेवले. शिवाजीचे. देवींचे चेहरे झिजून गेलेले, मुकुट नाहीसे झालेले. मधले दोन हात मात्र बोट फिरवले की लागत होते.

“तळ्यात टाकलं असं मी रागात म्हटलं,” त्या म्हणाल्या. “टाकायला गेले होते. वारा असा होता की खिशातून हात काढवेना. मग ते पर्समध्येच राहिलं. लूनीच्या मापाचं आहे, डॉलरच्या नाण्याऐवजी ग्रोसरीच्या कार्टच्या कुलपात बरोबर बसतं. आणि कार्ट जागेवर लावलं की परत मिळतं.”

म्हणजे इतकी वर्षे दर आठवड्याला. शिवाजीला हे कळायला हवे होते असे माझ्या मनात आले, आणि तसे मी बोलूनही दाखवले. त्यावर त्या म्हणाल्या, “दादाला माहीत होतं. एकदा दुकानात भेटला होता. वहिनीला सांगू नकोस, तिला शोध लावायला आवडतं, असं म्हणाला.” मग आम्ही दोघी हसलो आणि नंतर थोडे रडलो. ऊर्मीने खिडकीबाहेर पाहिले.

त्या खाली बेसमेंट बघायला गेल्या. भास्कररावांनी ठोकलेली फळी अजून तिथे आहे, कादंबरी तिच्यावर पुस्तके ठेवते. वर आल्या तेव्हा त्यांचे ठरलेले होते. ओकव्हिलच्या सह्या आपल्यावर सोपवा, वर्ष कशाला, पुढच्या रविवारी मीटिंग आहे, असे म्हणाल्या. वर्षाची मुदत माझ्या मरणापासून मोजायची आहे याची आठवण मी करून दिली. त्या म्हणाल्या, तुमची वाट कोण बघत बसणार. ओजसला काय वाटेल असे ऊर्मीने विचारले, तर त्याचे घर व्हिटबीला आहे, एवढेच उत्तर मिळाले.

मग साक्षीदाराचा प्रश्न आला. ऊर्मीने समजावून सांगितले की इथल्या कायद्याप्रमाणे साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही घेता येत नाही, त्याच्या नावाचे कलम निकामी होते. चौकटीवर पाणी सोडायला स्वानंद तयार होता, आणि डॉमिनिकची हत्यारे तशीही त्याच्याचकडे आहेत.

“मला काही मिळणार नाही ना?” प्रमिलाताई म्हणाल्या. “मग मीच सही करते. ओकव्हिलच्या प्रमिलाने हॅमिल्टनचं काही लाटलं, असं कोणी म्हणायला नको.”

त्यामुळे कलम ४ निकामी झाले आहे. ऊर्मीचा आग्रह आहे की ते काढून टाकावे. मी काढत नाही. निकियाच्या वेशीवरची ओळ खरवडल्यामुळेच मी इतक्या लांबून ती बघायला गेले. माझे नाणे कादंबरीला मिळावे. तिलाही ग्रोसरी आणावी लागते. घराचे काम मार्गी लागले. मला आज फार बरे वाटते आहे, आणि शिवाजीच्या इच्छेचे ओझे उतरले म्हणून की घरात नणंदेचा आवाज आला म्हणून, ते मी वेगळे करत बसत नाही.

या मृत्युपत्रातला मजकूर मी स्वतः टाइप केला, वाचला, आणि दोन्ही साक्षीदार समोर असताना खाली सही करते. प्रत्येक साक्षीदाराने आपल्या नावापुढे पत्ता आणि माझ्याशी असलेले नाते किंवा ओळख स्वतःच्या हाताने लिहावी.

स्थळ: हॅमिल्टन, ओंटारियो
दिनांक: १५ नोव्हेंबर २०२५

सही: मंदाकिनी शिवाजी उंबरकर

साक्षीदार १: डॉमिनिक रिझो, हॅमिल्टन. शेजारी. (इंग्रजीत लिहून सही.)

साक्षीदार २: प्रमिला भास्कर देवतळे, ओकव्हिल. नणंद. या घराच्या बेसमेंटमध्ये राहायला आलेली पहिली. दंड मान्य, तांदूळ कुठे ठेवलेत?